लेकीला कोर्टातून दवाखाना सुधारायचाय

प्रश्न : मुलगी बारावी सायन्सला आहे. तिची आई सरकारी दवाखान्यात स्टाफ नर्स. नांदेडच्या मृत्यूंवरून हायकोर्टाने सरकारला झापल्याचं वाचल्यापासून मुलीने नीटचा नाद सोडलाय. ‘डॉक्टर होऊन एकेक पेशंट बरा होईल, वकील झाले तर अख्खा दवाखाना,’ म्हणते. काय करावं?
– एक पालक, नांदेड जिल्हा

नमस्कार.

लेकीचं म्हणणं खोटं नाही, पण अर्धंच आहे. २०२३ च्या ऑक्टोबरच्या सुरुवातीला नांदेडच्या शासकीय रुग्णालयात २४ तासांत २४ जण दगावल्याचं उघड झालं; त्यात १२ तान्ही बाळं. मुंबई उच्च न्यायालयाने स्वतःहून दखल घेतली. पण कोर्टाने पुढे काय काय विचारलं, ते तिला शोधून वाचायला सांगा. मंजूर पदं किती, भरलेली किती? आरोग्यावर पैसा किती ठेवला? औषधखरेदीचं नवं प्राधिकरण काढलंय, मग त्याला पूर्णवेळ प्रमुख का नाही? झापल्याची बातमी होते. खरं काम या आकड्यांचं आणि प्रतिज्ञापत्रांचं.

शिवाय आदेश निघाला म्हणून दुसऱ्या दिवशी वॉर्डात नर्स हजर होत नाही. जाहिरात, भरती, बिलं, सगळं पुन्हा त्याच खात्यातून जातं. मेळघाटच्या कुपोषणावरच्या याचिका हायकोर्टात वर्षानुवर्षं चालल्यात.

तरीही मी तिला अडवणार नाही. १९९२ मध्ये बंगालात एक शेतमजूर रेल्वेतून पडला. डोक्याला मार, आणि एकामागून एक सरकारी रुग्णालयांनी खाट नाही, सोय नाही म्हणून परत पाठवला. शेवटी खासगीत उपचार झाले. १९९६ मध्ये सुप्रीम कोर्टाने त्याला २५ हजारांची भरपाई दिली आणि तातडीचे उपचार नाकारणं हा जगण्याच्या हक्काचाच भंग ठरवला. पैसे नाहीत, ही सबब राज्याला चालणार नाही, असंही बजावलं. त्या निकालाचा आधार वकील आजही घेतात.

वाटा दोन. बारावीनंतर सीईटी देऊन पाच वर्षांचा लॉ, किंवा आधी पदवी, मग तीन वर्षांचा. मला विचाराल तर बी.एस्सी. नर्सिंग आणि मग लॉ ही जोडी तिच्यासाठी फार मोलाची. इंडेंट बुकात, म्हणजे वॉर्डाच्या मागणीवहीत, लिहिलेलं औषध वॉर्डात का पोचत नाही, हे ठाऊक असलेला वकील सहसा भेटत नाही. (आईशी एकदा निवांत बोलायला लावा, आपल्याच घरातल्या माणसाला आपण सगळ्यात शेवटी विचारतो.) पैशाचंही स्पष्ट सांगतो : ज्युनियरशिपची, म्हणजे मोठ्या वकिलाच्या हाताखालची, पहिली काही वर्षं ओढाताणीची असतात आणि जनहित याचिकेवर घर चालत नाही. दवाखाना आतूनच चालवायचा असेल, तर पदवीनंतर मुंबईच्या टाटा समाजविज्ञान संस्थेत हॉस्पिटल अ‍ॅडमिनिस्ट्रेशन आहे.

ठरवण्याआधी एक करा. माहिती अधिकाराचा अर्ज तिच्याकडून लिहून घ्या. जिल्ह्यातल्या एखाद्या ग्रामीण रुग्णालयात स्टाफ नर्सची मंजूर, भरलेली आणि रिक्त पदं, गेल्या तीन वर्षांची. एका अर्जात एकच विषय, मजकूर दीडशे शब्दांच्या आत, वर १० रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प. सही तुमची, आईचं नाव नको, तिला तिथेच नोकरी करायचीय. तीस दिवसांत उत्तर यायला हवं. नाही आलं किंवा अर्धवट आलं, तर पहिलं अपीलही तिलाच लिहू द्या. त्यातही ती कंटाळली नाही, तर लॉ सीईटीचा फॉर्म बेलाशक भरा.