गायचं नाही, वाद्यवृंद चालवायचाय

ताई, सप्रेम नमस्कार.

तुमची लेक बारावी कॉमर्सला आहे, लहानपणापासून कीबोर्ड वाजवते आणि आता म्हणते, मला गायिका नाही, अरेंजर (गाण्यात कुठलं वाद्य कधी काय वाजवेल ते ठरवणारी संयोजक) व्हायचंय, वाद्यवृंद चालवायचाय. पडद्यामागच्या माणसाला ना नाव ना पैसा, हे तुमचं म्हणणं.

नाव होतं, पण धंद्यातल्या लोकांत. शंकर-जयकिशन, ओ. पी. नय्यर यांची गाणी सगळ्यांना पाठ; त्यांचं वाद्यसंयोजन करणारे सेबास्टियन डिसोझा किती जणांना माहीत असतात? अनिल मोहिले आधी व्हायोलिनवादक, मग संयोजक. लतादीदींच्या कार्यक्रमांचा वाद्यवृंद त्यांनी सांभाळला आणि अरुण पौडवालांसोबत ‘अष्टविनायक’ चित्रपटाला (1979) संगीतही दिलं. क्रम लक्षात घ्या: आधी इतरांसाठी वाजवायचं, भरवशाचं ठरायचं, मग सूत्रं हाती येतात. थेट ‘लीडर’ म्हणून कुणी घेत नाही.

काम कसं असतं, तेही सांगते. कार्यक्रमाच्या दिवशी गायिकेचा घसा बसतो. ती म्हणते, "आज एक सूर खाली घ्या." कीबोर्डवाला बटण दाबून मोकळा होतो. गिटारवाल्याची बोटं मात्र नव्या कॉर्ड्सवर जातात, ट्रम्पेटवाल्याचा सुरावटीचा कागद नव्याने लिहावा लागतो, आणि त्याचं वाद्य बी फ्लॅटचं (कागदावरचा ‘सी’ वाजवला की ‘बी फ्लॅट’ ऐकू येतो) असल्यानं त्याचे सूर इतरांपेक्षा एक सूर वर लिहायचे असतात. हे तासाभरात, आवाज न चढवता निभावायचं. शिवाय रंगमंचावर गायिका मुखडा विसरून अंतऱ्यात शिरली, तर एका नजरेत सगळ्यांना तिच्यामागे न्यायचं. मला ही विद्या गाण्याइतकीच मोठी वाटते.

म्हणून स्टाफ नोटेशन (पाच रेघांवर सूर लिहिण्याची पाश्चात्त्य पद्धत) हवंच. ट्रिनिटी किंवा एबीआरएसएम या ब्रिटिश संस्थांच्या संगीत परीक्षांचा अभ्यास त्यासाठी चांगला. रागांची तालीमही सोडू नये; आपल्याकडच्या गाण्यात मींड (एका सुरावरून दुसऱ्यावर अखंड सरकणं) कुठे घ्यायची, हे कागद सांगत नाही.

पैशाबद्दल तुमची काळजी रास्त आहे. स्टुडिओत पूर्वीसारखा मोठा ताफा बसत नाही, बरंचसं काम संगणकावर होतं. तेव्हा प्रोग्रॅमिंगही, म्हणजे संगणकावर वाद्यांचे भाग तयार करणंही, शिकावं लागेल. मानधन बहुधा एकरकमी असतं. 2012 च्या दुरुस्तीनंतर कॉपीराइट कायद्यात वादकांनाही रॉयल्टीचा हक्क आहे, पण करार न वाचता सही केली तर तो कागदावरच राहतो. श्रेयनामावलीत नाव येणार का, हेही आधीच लिहून घ्यावं. इथे तिचं कॉमर्स कामी येईल, बी.कॉम. सोडू देऊ नका.

निर्णयाआधी एक करा. तिला एक गाणं निवडून कीबोर्ड, गिटार, बेस आणि व्हायोलिनचे वेगवेगळे कागद लिहायला सांगा आणि ते मित्रमैत्रिणींकडून वाजवून घेऊ द्या. तिनं स्वतः वाजवायचं नाही. दुसऱ्याची चूक ऐकून ती चिडते, की कागद दुरुस्त करून पुन्हा वाजवून घेते, ते बघा आणि मला कळवा.