विम्याविना गेलेले महिने नक्की किती?

प्रश्न : आम्ही कॅलिफोर्नियात फ्रीमाँटला राहतो, ग्रीनकार्ड आहे. एप्रिल 2024 मध्ये माझी नोकरी गेली आणि कंपनीचा आरोग्यविमा महिनाअखेरीस संपला. 26 ऑगस्टला नवी नोकरी लागली. मधल्या काळात मी, पत्नी आणि सहा वर्षांची मुलगी विम्याविना होतो. भारतातली मेडिक्लेम मात्र चालू होती. टॅक्सवाला म्हणतो, विमा नसल्याबद्दल दंड भरावा लागेल. टेक्सासचा मित्र म्हणतो, तो केव्हाच रद्द झाला. नागरिकत्वाच्या अर्जात याची अडचण येईल का?

उत्तर : दोघांचंही खरं आहे. केंद्राचा दंड 2019 पासून शून्य झाला, पण कॅलिफोर्नियाने 2020 पासून स्वतःचा सुरू केला. मेडिक्लेम इथे धरत नाहीत; भारतात कितीही उपयोगी पडो.

आता मुद्द्याचं. सलग तीन महिने किंवा त्याहून कमी खंड असेल तर दंड माफ असतो. चौथा महिना लागला की पहिले तीनही माफीतून जातात. मात्र महिन्यात एक दिवस जरी विमा असला, तरी तो पूर्ण महिना विम्याचा धरतात. तुमच्या बाबतीत सगळं ऑगस्टवर अडलंय. नवा विमा रुजू झाल्या दिवसापासून लागू असेल, तर खंड मे ते जुलै, दंड काहीच नाही. 1 सप्टेंबरपासून असेल, तर चार महिने भरतात. विम्याचं कार्ड कधी हातात आलं याला महत्त्व नाही. एचआरकडून तिघांचीही विमा लागू झाल्याची तारीख लेखी मागवा.

चार महिने ठरलेच, तर 2024 साठी प्रौढाला वर्षाचे 900 डॉलर, मुलाला 450; तिघांचे 2,250, त्यातले चार महिन्यांचे 750. पण रिटर्न भरण्याच्या मर्यादेवरच्या उत्पन्नाचे अडीच टक्के, तेही चार महिन्यांपुरते धरून, यापेक्षा जास्त निघाले तर तो आकडा लागतो, आणि दोन पगारांच्या घरात बहुधा तोच निघतो. ‘विमा परवडत नव्हता’ ही सवलत राज्याच्या कराच्या फॉर्म 3853 वर मागता येते. पण हिशेब वर्षभराच्या उत्पन्नावर होतो, त्यामुळे फार आशा ठेवू नका.

नागरिकत्वाच्या अर्जात थकलेल्या कराबद्दल विचारतात. दंड भरून टाकलात तर थकबाकी उरत नाही. रिटर्नवर ‘वर्षभर विमा होता’ या चौकटीत खूण मात्र करू नका, खंड माफीत बसला तरी. विमा कंपन्या महिनेवार माहिती राज्याला कळवतात.