सॉफ्टनरमधलं मीठ: सुरुवातीला एवढं सांभाळा

वॉटर सॉफ्टनर म्हणजे जड पाणी मऊ करणारं यंत्र. त्यात पाणी मऊ करतं ते रेझिन, म्हणजे प्लास्टिकसारखे बारीक मणी. कॅल्शियम-मॅग्नेशियम तेच पकडतं. मीठ लागतं भरलेलं रेझिन धुऊन पुन्हा कामाला लावायला, यालाच रिजनरेशन म्हणतात. 25 लिटर रेझिनला एका रिजनरेशनमागे साधारण अडीच ते चार किलो.

- स्वयंपाकाचं बारीक मीठ नको, तळाशी घट्ट बसतं. सॉफ्टनरसाठीच्या मिठाच्या गोळ्या घ्या.
- आठवडे गेले तरी मीठ उतरत नाही? बचत झाली असं समजू नका. वर कवच धरून खाली पोकळी झाली असेल, म्हणजे रेझिनला खारं पाणी मिळतच नाही. लाकडी दांड्याने हलकेच फोडा. मिठाची टाकी काठोकाठ भरू नका, हा त्रास बराच टळतो.

बोअरच्या पाण्याची हार्डनेस (जडपणा) टेस्ट किटने मोजूनच सेटिंग करा. अंदाजाने केलंत तर मीठ वाया जाईल, नाहीतर नळांवर पांढरे डाग येतील. रिजनरेशनचं पाणी झाडांना अजिबात घालू नका.