सर्वांचे मंगल, आणि दारात उभे असलेले भाऊजी

"मॅडम, रोज सकाळी सगळ्यांचं मंगल होवो म्हणते, आणि संध्याकाळी फाटकाची कडी वाजली की पोटात गोळा येतो. मग माझं ध्यान खोटंच ना?"

समुपदेशनाच्या पहिल्या भेटीत ताईंनी विचारलेला हा प्रश्न मला वेगवेगळ्या शब्दांत अनेकांनी विचारला आहे. विचारणाऱ्यांत कोणी नेमाने वारीला जाणारे असते, कोणी दर रविवारी चर्चमध्ये जाणारे, कोणी रोजे पाळणारे. प्राणिमात्रावर प्रेम करावे ही शिकवण मनापासून मानणाऱ्या माणसाला जेव्हा एका विशिष्ट माणसाचा राग येतो, तेव्हा तो त्या माणसापेक्षा स्वतःवरच अधिक चिडतो, आणि हा दुहेरी राग घेऊन माझ्यासमोर येऊन बसतो. ताईंच्या संमतीने आणि ओळख पटेल असे तपशील बदलून त्यांची हकिकत येथे मांडते आहे.

ताई पन्नाशीच्या, अंगणवाडीच्या पर्यवेक्षिका. काही वर्षांपूर्वी त्यांनी इगतपुरीला विपश्यनेचे दहा दिवसांचे शिबिर केले होते. त्या शिबिरात नऊ दिवस मौन पाळून साधना केल्यावर दहाव्या दिवशी मैत्रीभावना शिकवतात. आपल्या मनात जी शांती निर्माण झाली तिचा लाभ सर्वांना व्हावा, असा तो सराव असतो. ताईंनी तो मनापासून धरला होता. त्यांचे धाकटे दीर दारूच्या आहारी गेले होते आणि आठवड्यातून दोन-तीनदा पैसे मागायला येत. ताईंनी नकार दिला की ते म्हणत, "वहिनी, तुम्ही तर ध्यान करता ना? मग असं कसं बोलता?" या एका वाक्यापुढे ताई दर वेळी हरत.

त्यांनी पर्समधून एक छोटी नोंदवही काढून माझ्यासमोर ठेवली. दिलेल्या रकमा तारखेसह लिहिलेल्या होत्या, दोनशे, पाचशे, हजार. शेवटची नोंद 18,000 रुपयांची होती. तिच्यापुढे 'फी' असा शब्द लिहून नंतर तो गडद खोडला होता. मुलाच्या महाविद्यालयाची ती फी होती. वही दाखवताना त्यांचा अंगठा त्या खोडलेल्या शब्दावरच ठेवलेला होता.

पहिल्या दोन भेटींत मी नकार कसा द्यावा याची तयारी करून घेतली, म्हणजे शब्द कोणते वापरावेत, आवाज कसा ठेवावा, पुन्हा पुन्हा तेच शांतपणे कसे सांगावे. ही तंत्रे उपयोगी असतात, परंतु येथे त्यांनी काम केले नाही. ताईंनी एकदा नकार दिला आणि त्यानंतर त्या तीन रात्री झोपल्या नाहीत. त्यांच्या लेखी तो नकार म्हणजे क्रौर्य होते. नकार देण्याचे कौशल्य त्यांच्याकडे नव्हते असे नाही. कार्यालयात त्या चाळीस सेविकांचे काम चोख सांभाळत होत्या. अडचण त्यांच्या प्रेमाविषयीच्या समजुतीत होती, आणि मी तिला हातच घातला नव्हता.

म्हणून तिसऱ्या भेटीत आम्ही मैत्रीभावनेकडेच वळलो. ज्या परंपरेतून ही साधना आली आहे, त्या परंपरेत तिच्या क्रमाचा फार बारकाईने विचार झालेला आहे. पाचव्या शतकात श्रीलंकेत बौद्ध आचार्य बुद्धघोषांनी विसुद्धिमग्ग हा साधनेवरचा पाली ग्रंथ लिहिला. गोव्यातल्या साखवाळ येथे जन्मलेल्या धर्मानंद कोसंबी यांनी संपादित केलेली त्याची देवनागरी आवृत्ती 1940 साली मुंबईत प्रसिद्ध झाली. या ग्रंथात मैत्रीची सुरुवात स्वतःपासून करायला सांगितली आहे, कारण मला सुख हवे आहे आणि दुःख नको आहे हे ज्याने आपल्या ठायी ओळखले, त्यालाच दुसऱ्याचे सुख-दुःख कळते. त्यानंतर आदरणीय व्यक्ती, मग प्रिय व्यक्ती, मग जिच्याविषयी ना प्रेम ना राग अशी व्यक्ती, आणि सर्वांत शेवटी वैरी. वैऱ्यापासून सुरुवात करू नये असे त्यात स्पष्टच सांगितले आहे. ताई मात्र रोज डोळे मिटताच थेट दिरांकडे जात होत्या, कारण तेथे आपण कमी पडतो असे त्यांना वाटत होते. स्वतःला त्यांनी कधी त्या यादीत धरलेच नव्हते.

मग मी त्यांना त्याच ग्रंथातला दरोडेखोरांचा प्रसंग सांगितला. एक साधक आपला प्रिय, एक तटस्थ आणि एक वैरी अशा तिघांबरोबर बसला आहे. तेथे दरोडेखोर येतात आणि बळी देण्यासाठी चौघांपैकी एकाला मागतात. अशा वेळी साधकाने "याला न्या" किंवा "त्याला न्या" असे मनात आणले, तर त्याची मैत्री अजून भेद करते आहे हे उघड आहे. पण त्याने "मला न्या, या तिघांना सोडा" असे म्हटले तरीही भेद मोडलेला नाही, असे ग्रंथ सांगतो. चौघांपैकी एकही जण देण्याजोगा दिसत नाही, तेव्हाच आपला-परका ही मर्यादा मोडली असे समजावे.

ताई बराच वेळ काही बोलल्या नाहीत. नंतर हळू आवाजात म्हणाल्या, "मी तर रोज मला न्या, मला न्या असंच म्हणत होते. आणि मुलालाही त्यात ओढलं."

मला स्वतःला हा प्रसंग समुपदेशनाच्या अनेक पुस्तकी सल्ल्यांपेक्षा मोलाचा वाटतो, विशेषतः आपल्या घरांतल्या स्त्रियांच्या बाबतीत. स्वतःला वजा करून उरलेल्यांवर प्रेम करणे हेच त्यांना लहानपणापासून प्रेम म्हणून शिकवलेले असते. घरात सर्वांना वाढून झाल्यावर पातेल्यात जे उरेल ते आपले, हा हिशेब त्या साधनेतही तसाच घेऊन जातात. सर्वांचे मंगल चिंतताना त्या 'सर्वांत' आपण आहोत की नाही, हे त्या तपासत नाहीत.

दुसरी गोष्ट शब्दांची होती. मैत्री, करुणा, मुदिता आणि उपेक्षा या चार भावना बौद्ध परंपरेत एकत्र सांगितल्या जातात, आणि पतंजलींच्या योगसूत्रांतही त्या आहेत. सुखी माणसाशी मैत्री, दुःखी माणसाविषयी करुणा, पुण्यवानाविषयी मुदिता म्हणजे आनंद आणि अपुण्य आचरणाबाबत उपेक्षा, असा तेथला विभाग आहे. आपल्या रोजच्या मराठीत मात्र उपेक्षा म्हणजे दुर्लक्ष, हेळसांड. त्यामुळे ताईंना वाटत होते की दिरांच्या वागण्याची झळ स्वतःला लागू न देणे म्हणजे त्यांना वाऱ्यावर सोडणे. उपेक्षेचा मूळ अर्थ तोल न जाऊ देता पाहणे असा आहे. करुणेच्या अगदी शेजारी शोक उभा असतो, आणि तो करुणेसारखाच दिसतो, असा इशाराही विसुद्धिमग्गात दिलेला आहे. दिरांची अवस्था पाहून ताईंचे पोट तुटत असे आणि ते तुटणे थांबावे म्हणून त्या पैसे काढून देत असत. त्या पैशांनी दिरांची तलफ भागे आणि ताईंची घालमेल तेवढ्यापुरती शमे, पण दुःख कोणाचेच कमी होत नसे. व्यसनी माणसाची उधारी घरच्यांनी फेडत राहिले, तर व्यसनाचे परिणाम त्याच्यापर्यंत पोहोचतच नाहीत आणि उपचारांची गरज त्याला पटत नाही, हे व्यसनमुक्तीच्या क्षेत्रात काम करणारे सगळेच सांगतात.

आम्ही ठरवले ते एवढेच, की पैसे द्यायचे नाहीत, पण विचारपूस सोडायची नाही. काय करता येईल याचीही माहिती घेतली. पुण्यात 1986 पासून काम करणारे मुक्तांगण हे व्यसनमुक्ती केंद्र, दारू सोडू पाहणाऱ्यांसाठी असलेल्या अल्कोहोलिक्स अॅनॉनिमसच्या बैठका आणि मद्यपींच्या कुटुंबीयांसाठी असलेल्या अल-अॅनॉनच्या बैठका यांविषयी मी सांगितले. ताईंनी एका कागदावर सगळे लिहून घेतले आणि तो कागद दाराजवळच्या खुंटीला अडकवून ठेवला.

पुढच्या महिन्यात एका दुपारी त्यांचा फोन आला. दिरांनी रागाच्या भरात "आजपासून दारू बंद" म्हणून जाहीर केले होते. दुसऱ्या दिवशी त्यांचे हात थरथरत होते, कपडे घामाने भिजले होते, आणि घरचे सगळे आनंदात होते. मी त्यांना ताबडतोब रुग्णालयात न्यायला सांगितले. वर्षानुवर्षे रोज भरपूर पिणाऱ्या माणसाने दारू एकाएकी थांबवली, तर झटके येऊ शकतात, भ्रम होऊ शकतो आणि जिवावरही बेतू शकते. म्हणून हे पहिले दिवस डॉक्टरांच्या देखरेखीखालीच काढावे लागतात. ताई स्वतः रिक्षाने त्यांना घेऊन गेल्या आणि रात्रभर तेथे बसून राहिल्या. ज्या वहिनीने महिनाभर एक रुपया दिला नव्हता, तीच त्या रात्री उशाशी होती.

दीर त्यानंतर कायमचे सुधारले असे मला लिहिता येणार नाही. सात आठवडे ते दारूपासून दूर राहिले, मग पुन्हा प्यायले, पुन्हा फाटकाची कडी वाजली. शेवटच्या भेटीत ताईंनी तो प्रसंग सांगितला. दीर दारात उभे राहून तेच जुने वाक्य बोलले. ताई म्हणाल्या, "भाऊजी, पैसे नाही देणार. जेवलात का?" ते पाय आपटत निघून गेले. ताईंनी फाटक लावले, ताट वाढून घेतले आणि जेवल्या.

"झोप लागली का?" मी विचारले.

"लागली. सकाळी ध्यानाला बसले तेव्हा त्यांच्या नावाशी आले आणि गळा पुन्हा दाटला."

"मग काय केलंत?"

"थांबले. मग पुन्हा माझ्यापासून सुरुवात केली."