प्राचीन तत्त्वज्ञान, धर्मचिंतन आणि साहित्यविचार मराठीतून वाचायचं, तर सुरुवात कुठून करावी?

तुम्ही लिहिलंय की नोकरी सांभाळून रोज अर्धा-पाऊण तास मिळतो, संस्कृत येत नाही, आणि या तिन्ही विषयांतलं जुनं वाचायचंय, तर आधी काय घेऊ. मीही ठाण्यातच राहते, नौपाड्यात. हे वाचन मी दोनदा सुरू करून सोडलं होतं. दोन्ही वेळा तत्त्वज्ञानाचा जाडजूड इतिहास आणला आणि पहिल्या पानापासून नेटानं वाचत सुटले. नावं आणि सनावळ्या लक्षात राहिल्या, विचार एकही अंगी लागला नाही. इतिहासाचं पुस्तक शेवटासाठी ठेवा.

सुरुवात ज्ञानेश्वरीच्या पहिल्या वीसेक ओव्यांपासून करा. 'ॐ नमो जी आद्या' आपल्याला इतकी पाठ असते की आपण तिच्यावरून तसेच पुढे निघून जातो. जरा थांबून बघा. ज्ञानदेवांनी १२९० साली तिथे एक गणपती उभा केलाय आणि त्याचं सगळं अंग वाङ्मयाचं आहे. सहा दर्शनं, म्हणजे तत्त्वज्ञानाच्या सहा परंपरा, हे त्याचे सहा हात. मतं एकमेकांशी जुळत नाहीत, म्हणून प्रत्येक हातात वेगळी वस्तू. तर्क हा परशू, वेदांत हा मोदक, आणि वार्तिककारांनी, म्हणजे जुन्या टीकाकारांनी, खंडन केलेलं बौद्धमत हा मोडलेला दात. काव्य आणि नाटकं ही त्याची घुंगरं, आणि त्यांतून रुणझुणतो तो 'अर्थध्वनि'. तुम्ही तीन विषय वेगळे मोजलेत, इथे ते एकाच मूर्तीत आहेत. मला वाटेची यादी या पानानंच दिली. एकेक हात धरायचा आणि त्याचं पुस्तक शोधायचं.

घुंगरांपासून सांगते, कारण माझा जीव तिथे सर्वांत जास्त रमला. 'ध्वनी' हा शब्द साधा नाही. नवव्या शतकात काश्मीरमध्ये आनंदवर्धनानं 'ध्वन्यालोक' लिहिला, त्यातला हा शब्द, म्हणजे न बोलता सुचणारा अर्थ. शास्त्रकारांचं नेहमीचं उदाहरण आहे 'गंगेवर गवळ्यांची वस्ती'. वाहत्या पाण्यावर वस्ती कशी असेल? म्हणजे ती काठावर आहे, हे आपण समजून घेतो. ही झाली लक्षणा. पण बोलणारा सरळ 'काठावर' का म्हणाला नाही? कारण त्याला गंगेचा गारवा आणि पावित्र्यही वस्तीला चिकटवायचं होतं. ही व्यंजना, आणि काव्याचा जीव तिच्यात. आता आपल्याकडचं बघा. आमच्या एक ओळखीच्या बाई अजून सांगतात, 'आमचं माहेर तलावपाळीवर.' घर कठड्यावर नव्हतं, दोन गल्ल्या आत होतं. पण त्या 'वर'मध्ये मासुंदा तलावावरचा संध्याकाळचा वारा आहे, दिवे आहेत, आणि थोडा अभिमानही आहे. हे ज्या दिवशी ध्यानात आलं, त्या दिवसापासून साहित्यशास्त्र मला परकं राहिलं नाही.

यासाठी ग. त्र्यं. देशपांडे यांचं 'भारतीय साहित्यशास्त्र' घ्या. संस्कृत न येणाऱ्यालाही ते हाताला धरून नेतं. मग र. पं. कंगले यांचं 'रस-भाव-विचार'. ते अवघड आहे, दिवसाला दोन पानं झाली तरी पुष्कळ. त्यात 'नाट्यशास्त्र'कार भरताच्या, रस कसा निर्माण होतो हे सांगणाऱ्या एका छोट्या सूत्रावरून भट्ट लोल्लट, श्रीशंकुक, भट्टनायक आणि अभिनवगुप्त यांचा वाद कसा रंगतो ते बघा. गडकरी रंगायतनमध्ये शेजारचा माणूस डोळे पुसत असतो. दुःख नटाचं नाही, त्याचंही नाही, आणि तरी तो तिकीट काढून आलाय. मग ते दुःख कुणाचं, आणि त्यात गोडी कसली? वाद या प्रश्नाचा आहे.

हाच प्रश्न ग्रीकांनाही पडला होता, म्हणून लगेच तिकडे जा. प्लेटोनं 'रिपब्लिक'मध्ये कवींना आदर्श नगराबाहेर काढलं, आणि त्याच्याच शिष्यानं, अॅरिस्टॉटलनं, शोकांतिकेच्या बाजूनं उत्तर दिलं. विंदा करंदीकरांनी ते 'अॅरिस्टॉटलचे काव्यशास्त्र' म्हणून मराठीत आणलंय. मूळ ग्रंथ अगदी लहान आहे. प्लेटोचं मात्र 'रिपब्लिक' आधी उघडू नका. सॉक्रेटिसवरच्या खटल्याचं 'अपॉलॉजी' आणि तुरुंगातलं 'क्रिटो' हे संवाद वाचा. दोन रात्रींत होतात.

उपनिषदांत आधी कठोपनिषद. नचिकेत यमाच्या दारात तीन रात्री उपाशी बसतो, आणि यम संपत्ती, दीर्घायुष्य, सगळं देऊ करतो तरी आपला प्रश्न सोडत नाही. ब्रह्मसूत्रांवरचं भाष्य इतक्यात नको. त्यातला पूर्वपक्ष, म्हणजे खोडून काढण्यासाठी आधी मांडलेलं मत, कोणाचा हे कळायला आधी बरंच वाचलेलं लागतं. बौद्धमतासाठी धर्मानंद कोसंबींचं 'भगवान बुद्ध', आणि मोडलेल्या दाताची बाजू त्याच्याच तोंडून ऐकायला 'मिलिंदप्रश्न'. त्यात नागसेन नावाचा भिक्षू मिलिंद राजाला विचारतो, चाक म्हणजे रथ का? आस म्हणजे रथ का? आणि तसाच 'मी' कुठे आहे ते शोधायला लावतो.

ख्रिस्ती धर्मचिंतनासाठी इंग्रजीकडे धावण्याआधी फादर स्टीफन्सचं 'ख्रिस्तपुराण' चाळा. १६१६ मध्ये गोव्यात राचोलला छापलेलं, आणि सगळं मराठी ओवीत. बायबलमधली ईयोबाची गोष्ट त्याच्यासोबत वाचा. निरपराध माणसाला दुःख का, हा प्रश्न तिच्यात कुणी मऊ केलेला नाही. ऑगस्टीनचं 'कन्फेशन्स' त्यानंतर.

ज्ञानदेवांचाच 'अमृतानुभव' सहा महिन्यांनी घ्या, विंदांनी केलेल्या 'अर्वाचीनीकरणा'च्या, म्हणजे आजच्या मराठीतल्या रूपाच्या, सोबतीनं. मी घाई केली होती आणि पहिल्याच प्रकरणात अडले होते.

पुस्तकं विकत घेत सुटू नका. आपल्या गावात १८९३ पासूनचं मराठी ग्रंथ संग्रहालय आहे. तिथे नाव नोंदवा आणि यातलं एकेक पुस्तक मागा. अडलेल्या शब्दासाठी मराठी विश्वकोश इंटरनेटवर फुकट आहे, त्यातल्या तत्त्वज्ञानाच्या नोंदी मी अजूनही उघडते.

आणि एक. त्या गणपतीला सहा हात आहेत, त्यांत वेद आणि परलोक न मानणाऱ्या चार्वाकाला हात नाही. त्याचे ग्रंथ उरले नाहीत, त्याचं म्हणणं बहुतेक विरोधकांच्या ग्रंथांतूनच आपल्यापर्यंत आलंय. ते वाचल्याशिवाय बाकीचे कुणाला एवढी उत्तरं देतायत हे कळत नाही. सदाशिव आठवले यांचं 'चार्वाक: इतिहास आणि तत्त्वज्ञान' मुद्दाम मागून घ्या. विंदांच्या 'अष्टदर्शने'त सात पाश्चात्त्य तत्त्वज्ञांच्या पंगतीला आपल्याकडचा एकटा चार्वाकच बसलाय, तेही त्याच आठवड्यात वाचा.