कोल्हापूरचा काळाशी खेळणारा जादूगार पंडित: त्याचं आयुष्य नि काम कसं रंगवू?

तुमचा पंडित काल्पनिक असला तरी त्याची हत्यारं खरी ठेवा, मग वाचक जादूवरही विश्वास ठेवेल.

पहिलं हत्यार घटिकापात्र. तळाला बारीक भोक असलेली तांब्याची वाटी घंगाळातल्या पाण्यावर सोडायची. भरून बुडाली की एक घटका, म्हणजे 24 मिनिटं. अशा 60 घटकांचं अहोरात्र. 'घटका भरली' हा शब्दप्रयोग इथलाच. आता बघा, भोकात गाळाचा एक कण अडकला तर पाणी हळू शिरतं, घटका लांबते. मी असतो तर त्याची सगळी विद्या त्या एका कणावर उभी केली असती! लहानपणी लग्नघरी मुहूर्तासाठी मांडलेल्या पात्राजवळ बसून त्याला हे उमगलं, एवढं बालपण पुरे.

दुसरं, अंबाबाईचा किरणोत्सव. देवळाचं तोंड पश्चिमेला. 9 ते 11 नोव्हेंबर आणि 31 जानेवारी ते 2 फेब्रुवारी, मावळतीची किरणं महाद्वारातून आत येतात. पहिल्या दिवशी चरण, मग छाती, मग मुखापर्यंत. ढग आले किंवा वाटेत बांधकाम आडवं आलं तर पोचत नाहीत. या दोन्ही वेळा 21 डिसेंबरपासून (तेव्हा सूर्य सर्वांत दक्षिणेला असतो) साधारण 41-42 दिवस अलीकडे-पलीकडे आहेत, कारण दक्षिणेला गेलेला सूर्य परतताना त्याच जागी पुन्हा मावळतो. तुमच्या पंडिताचा ग्रंथ याच्यावरच असू दे: तोच क्षण वर्षातून दोनदा येतो, तर मधले दिवस ओलांडता येतील का?

गुरू, शिष्य, शत्रू नंतर सुचतील. आधी अंबाबाईच्या देवळातल्या गरुड मंडपात एक संध्याकाळ उभे राहून या.