गोजू-र्यूचे पहिले सहा महिने

गोजू-र्यू या कराटे शैलीच्या क्लासला नाव घातलंत, छान केलंत. आता यूट्यूबवरचे सुपारिन्पेईचे व्हिडिओ बंद करा. तो अगदी शेवटचा काता (ठरलेल्या हालचालींचा क्रम), त्याला अजून बराच अवकाश आहे.

आधी सांचिन हा पायाभूत काता धरा. जपानमधल्या ओकिनावातल्या नाहा शहरात हिगाओन्ना कान्र्यो यांनी शिष्यांकडून वर्षानुवर्षं हाच घोटून घेतला. गोजू-र्यूचे संस्थापक मियागी चोजून (१८८८–१९५३) त्यांचेच शिष्य. सांचिनमध्ये उभं राहताना पुढच्या पायाची टाच आणि मागच्या पायाचा अंगठा एका आडव्या रेषेत, पुढचं पाऊल किंचित आत वळलेलं, गुडघे जरासे वाकलेले. आणि खांदे खाली! नवख्याचे खांदे दुसऱ्या पावलालाच कानांना भिडतात. माझेही भिडायचे, सरांनी वरून नुसता तळहात ठेवला की लाज वाटायची.

हमखास होणाऱ्या चुका:

- श्वास कोंडून जोर लावणं. डोकं गरगरलं की थांबा. रक्तदाब असेल तर आधी डॉक्टरांना विचारा.
- पहिल्याच आठवड्यात माकिवारावर (ठोशांच्या सरावाची फळी) कातडी सोलून घेणं. मोजके, हलके ठोसे, मनगट सरळ.
- जड चीशी उचलणं. एका टोकाला वजन असलेला दांडा तो, मुद्गल फिरवलेल्याला लगेच उमगेल. हलकी घ्या.

सोबत गेकिसाई हा काता शिकाच. मियागींनी तो १९४० च्या सुमारास नवशिक्यांसाठीच बसवला. बुंकाईचं, म्हणजे कातातल्या हालचाली प्रत्यक्ष लढतीत कशा वापरायच्या त्याचं, पुढे बघू. आणि हो, पायाची नखं कापून जा.